अर्ध्या पानातली सुई

"ही सुई काढावी लागेल, मावशी," संग्रहालयातून आलेली नोरा हलकेच म्हणाली.

पिरोश्काने टेबलावरचं कापड चटकन आपल्याकडे ओढलं. ज्यू घरांत शुक्रवारच्या पवित्र पावावर घालतात तसं पांढरं कापड, कडेने निळी वेल, आणि शेवटच्या पानात अर्ध्यावर थांबलेली सुई. चव्वेचाळीस साली पोलीस ज्यूंना घराबाहेर काढत होते, तेव्हा शेजारच्या रेगिनाबाईंनी ते कुंपणावरून पिरोश्काच्या आईच्या हाती दिलं होतं. आल्यावर पुरं करीन, म्हणाल्या. आउश्वित्झच्या छळछावणीतून त्या परतल्याच नाहीत.

आईने मात्र शब्द दिला होता, सुईला हात लागेल तो त्यांच्याच घरच्याचा. आईमागे पिरोश्काने तो नेम चालवला. दरवर्षी ईस्टरच्या आधी कापडाला सावलीत वारा द्यायचा, नव्या कागदात गुंडाळून ठेवायचं. ती स्वतः शिवणकाम करणारी. ते पान पुरं करायला तिला दहा मिनिटं पुरली असती. बोटं शिवशिवायची, पण टाका कधी घातला नाही. नवरा म्हणायचा, "या घरात माझ्यापेक्षा सुईचा मान मोठा. मला नाही कुणी असा वारा दिला."

गंज कापड खातोय, दहा वर्षांत पान उरणार नाही, असं नोराने समजावलं. कापड संग्रहालयात न्यायला तिने खोकाही आणला होता. पिरोश्कालाही डाग दिसत होतेच. म्हणून तर तिने बुडापेस्टहून रेगिनाबाईंच्या लेकीला, लिव्हियाला बोलावून घेतलं होतं. तेव्हा पाच वर्षांची पोर, शहरात कुणी लपवली म्हणून वाचली. आईचा चेहरा तिला आठवत नव्हता. फोटोही नव्हता.

"आठवतं ते एवढंच," लिव्हिया म्हणाली. "मांडीवर चढायला गेले की म्हणायची, लांब हो गं, सुई लागेल."

तिने सुई धरली आणि पुन्हा सोडून दिली. "मला नाही जमायचं, पिरोश्काताई. तुम्ही काढा. घरचीच सांगतेय ना."

पिरोश्काने छातीवर क्रूसाची खूण केली. सुई जराजराशी फिरवत, धागा न ओढता, सोडवली. कापडावर एक तपकिरी भोक राहिलं. धागा होता तिथेच राहिला.

"एवढं कुणी कुणासाठी करत नाही हो," लिव्हिया म्हणाली.

"आम्ही काय केलं? हात लावला नाही, एवढंच."

आई कुठे बसायची, असं लिव्हियाने मग विचारलं. दुपारी दोघी शेजारणी कुंपणाशी बसायच्या. पिरोश्काने तिथे खुर्ची नेऊन ठेवली. लिव्हिया कापड मांडीवर पसरून बसली.

नोराच्या परतीच्या गाडीची वेळ होऊन गेली. तिने कापड मागितलं नाही; रिकाम्याच खोक्याचं झाकण लावलं आणि ती पायरीवर बसून राहिली.