जशीच्या तशी हजर

मित्रांनो, मी एक जुनी टॅक्सी आहे. रंग काळा-पिवळा, हॉर्न कर्कश आणि स्वभाव जरा घाबरट. घाबरट का झाले, तेच सांगते.

नवी होते तेव्हा माझा तोरा काय वर्णावा! लालबागच्या राजारामने मला घेतलं. चाळीतल्या मुली माझ्या आरशात बघून वेण्या घालत. राजारामची बायको मालन मला ‘आमची थोरली’ म्हणायची, कारण त्यांची चूल माझ्यावरच पेटायची.

मग संयुक्त महाराष्ट्राची चळवळ पेटली. छप्पन्न सालच्या जानेवारीत परळला गोळीबार झाला. माझी काच फुटून दगड आत पडले. राजारामला पळून जाता आलं असतं. पण रस्त्यात एक गिरणी कामगार रक्तबंबाळ होऊन पडला होता. राजारामने त्याला माझ्या मागच्या सीटवर निजवलं आणि मीटर न पाडताच इस्पितळ गाठलं. तो वाचला नाही. नाव सांगण्याआधीच त्याची शुद्ध हरपली होती. त्या झुंबडीत कुणी कुणाला आणलं, हे कोण विचारणार? परतताना पोलिसांनी आम्हाला अडवलं.

“दंगलीला दगड पुरवतोस काय रे?” हवालदार गरजला.

राजारामला अटक झाली आणि मी मुद्देमाल झाले. मित्रांनो, ती वेळ वैऱ्यावरही येऊ नये. पोलीस ठाण्याच्या आवारात उन्हाने माझा रंग उडाला, पावसाने पत्रा गंजला, उंदरांनी वायरी कुरतडल्या. शेजारच्या ट्रकचं चाक एका सकाळी नाहीसं झालं, तेव्हापासून माझा जीव टांगणीला लागला. जामिनावर सुटलेला राजाराम कुंपणापाशी येऊन मला बघायचा आणि मुकाट्याने परत जायचा.

अखेर गिरगावचे वकील अच्युतराव तळपदे यांनी अर्ज केला आणि कोर्टाने मला हमीपत्रावर सोडलं. खटला संपेपर्यंत गाडी विकायची नाही, तिच्यात फेरफार करायचा नाही, बोलावू तेव्हा जशीच्या तशी हजर करायची. अच्युतरावांनी दार उघडून सीटवरचा वाळलेला डाग पाहिला. पंचनाम्यात तो आलाच नव्हता.

“राजाराम, दगड घेऊन नव्हे, जखमी घेऊन गेलात, हे सांगणारा एवढाच साक्षीदार आहे. याला हात लावू नका.”

राजारामने सीटवर चादर अंथरून धंदा सुरू केला. घरी मात्र एक अक्षर बोलला नाही. कोर्टकचेरीच्या गोष्टी बायकांना कशाला, ही आमच्याकडची रीत. आणि आला दसरा! राजाराम पहाटे दादरला झेंडू आणायला गेला. मालन पूजेचं ताट घेऊन खाली आली, तिने चादर काढली आणि दचकली. रक्ताच्या गाडीला हळदकुंकू कसं लावायचं? तिने सोडा आणला, ब्रश आणला, आणि घासघासून डाग जवळजवळ घालवला. मी ओरडत होते, पण मला तोंड कुठे होतं?

राजाराम आला आणि झेंडू टाकून ओली सीट चाचपू लागला. हमी मोडली म्हणजे पुन्हा जप्ती, वर तुरुंग! बातमी चाळभर पसरली, आणि त्या दसऱ्याला चाळीतलं कुणी आमच्याकडे सोनं द्यायला आलं नाही.

तारखेला मॅजिस्ट्रेटसाहेब स्वतः खाली उतरून मला बघायला आले. सरकारी वकील हसून म्हणाले, “एवढा पुसट डाग चहाचाही असेल.”

तेवढ्यात मालन पुढे झाली. 

“साहेब, मीच धुतली. मला ठाऊक नव्हतं. वरचं गेलं, पण ऊन तापलं की आतून वास येतो अजून. यांना सोडा, मला न्या.”

साहेबांनी तिच्याकडे नीट पाहिलं आणि सीटचं आवरण फाडायला सांगितलं. आतला काथ्या पार खालपर्यंत काळा पडून आवळला होता. सरकारी वकिलांनी नजर दुसरीकडे वळवली.

राजाराम निर्दोष सुटला आणि मी हमीपत्रातून मोकळी झाले. सीटमध्ये नवा काथ्या भरला. जुना मात्र मालनने कचऱ्यात टाकू दिला नाही. धुतल्या फडक्यात बांधून तिने तो दादरच्या समुद्रात सोडला, वर तांदूळ वाहिले. नाव घ्यायची वेळ आली, तेव्हा ती अडखळली. मग म्हणाली, “आमच्या गाडीतला माणूस.”

म्हणून मित्रांनो, एक विनवणी आहे. पोलीस ठाण्याच्या आवारात एखादी गंजलेली गाडी दिसली, तर तिच्यावर दगड भिरकावू नका. तिच्यात कुणीतरी शेवटचं निजलेलं असेल, आणि त्याला दुसरं घर नसेल.