गुळव्याचा खोकला

मला किळस फार लवकर येते. एस.टी.च्या दांड्याला मी रुमाल धरून हात लावते, दुसऱ्याचा मोबाईल कानाला लावत नाही, आणि मिरजेतल्या ज्या दवाखान्यात मी कॉम्प्युटर सांभाळते तिथले कीबोर्ड रोज सकाळी स्पिरिटने पुसते. तिथल्या बायका मला माघारी ‘सोवळ्या अंकिताबाई’ म्हणतात. म्हणू देत. त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत प्रीतीने तिचा नवा गेम माझ्या हातात कोंबला, तेव्हाही मला आधी त्याची बटणंच दिसली. लोणच्याच्या तेलाने माखलेली.

“पूस आणि बघ, नाक मुरडू नको,” प्रीती म्हणाली. ती आमच्याकडे कॅशवर बसते, सांगलीहून सिटी बसने येते, आणि बसमध्ये वेळ जावा म्हणून तिने हे हातात धरून खेळायचं मशीन घेतलं होतं. “तुमच्या कडेगावाकडं असतंय तसलं हाय यात. गुऱ्हाळ. लय मजा येती.”

मी बटणं पुसली आणि पडद्यावर पाहिलं. उसाचा रस उकळायची मोठी काहील होती, वाफ होती, खाली चुलवाणात चिपाडं जळत होती. वर लिहिलं होतं ‘गुऱ्हाळ’. त्याखाली लालभडक अक्षरांत ‘निर्मिती: ऋषिराज गेमिंग, सांगली’ आणि फोन नंबर. मी खेळत गेले. काहिलीतला रस घट्ट होत आला आणि मशीनमधून आधी खोकला आला, दोन आखूड, एक लांब, आणि मग हाक: “उतरवा रं!”

तो खोकला माझ्या बापाचा होता.

माझ्या अंगावर पाल पडल्यासारखं झालं. मी मशीन प्रीतीच्या डब्याशेजारी ठेवलं आणि हात धुवायला गेले. दोनदा धुतले.

आता हे नीट सांगायला हवं. असलंच एक जुनं मशीन मी दोन वर्षांपूर्वी सांगलीत ऋषिराजच्या दुकानातून घेतलं. कंपनी त्यावर एक कुलूप घालून ठेवते, म्हणजे तिने विकलेलेच गेम चालावेत. ऋषिराजने ते कुलूप काढून दिलं. मग मेमरी कार्ड लॅपटॉपला लावायचं, ठरलेल्या फोल्डरात फाईल टाकायची, कार्ड परत खोबणीत सारायचं आणि उजवं बटण दाबून धरून मशीन चालू करायचं. कंपनीच्या चित्राऐवजी काळा पडदा येतो आणि त्यावर आपण टाकलेली यादी. कुलूप निघालेल्या मशीनसाठी जगभरचे हौशी लोक घरी बसून गेम लिहितात आणि फुकट वाटतात. त्याला होमब्रू म्हणतात. ते पाहून मलाही वाटलं, आपण एक लिहावा.

विषय घरातच होता. माझे वडील आकाराम, आम्ही त्यांना आबा म्हणतो, चाळीस वर्षं गुळव्या होते. म्हणजे गूळ कधी झाला हे सांगणारा माणूस. जाळ घालणारे वेगळे, ऊस घाण्यात घालणारे वेगळे, पण काहील कधी उतरवायची हे गुळव्याने सांगायचं. एक क्षण आधी उतरवली तर गूळ पातळ, एक क्षण उशीर झाला तर करपला. आबा रसाचा थेंब गार पाण्यात टाकून बोटांनी चोळायचे आणि ओरडायचे. धुराने छाती गेली, म्हणून ओरडण्याआधी खोकायचे.

रविवारी कडेगावला गेले की मी त्यांना विचारायची आणि लिहून घ्यायची. रसावर फेसासारखी येणारी मळी किती वेळा काढायची, भेंडीचं चिकट पाणी कधी सोडायचं, फेस कुठल्या रंगाचा झाला की जाळ ओढायचा. हाक त्यांच्याच आवाजात घेतली. खोकला काढून टाकते म्हटलं तर म्हणाले, “ऱ्हाऊ दे. बिनखोकल्याचा मी कुणाला ओळखू येनार न्हाई.”

पहिल्या पडद्यावर मी लिहिलं: ‘गुळव्या – आकाराम, कडेगाव’. आबांनी ते दोनदा वाचलं. मग म्हणाले, “ढेपंवर कायम आडत्याचा शिक्का असायचा. माझं नाव कवा लागलं न्हाई.” पुढचे आठ दिवस ते मशीन बंडीच्या खिशात घालून गावभर फिरत होते. शेजारच्या बनुबाईंना वाचता येत नाही, त्यांनासुद्धा नाव बोटाने दाखवून आले.

आणि तेच नाव ऋषिराजने पुसलं होतं. गेम मी फुकटच वाटला होता, कुणालाही सुधारता यावा म्हणून उघडा ठेवला होता. एकच मागणं खाली लिहिलं होतं, की नाव काढू नका. जेवढं मागितलं नेमकं तेवढंच त्याने केलं नाही.

आबांना सांगू नये असं ठरवलं होतं. पण गुरुवारी ते छाती दाखवायला मिरजेला आले आणि माझं तोंड पाहून म्हणाले, “काय झालंय? कुणी उष्टं खायला लावलं काय?” मग सांगून टाकलं. त्यांनी औषधाची पिशवी काखेत मारली. “चल सांगलीला.”

ऋषिराजचं दुकान स्टँडजवळ आहे. काचेवर रंगीत दिवे, आत धुपाचा आणि जळक्या सोल्डरचा मिसळलेला वास. काउंटरवर अर्धे प्यालेले चहाचे कप, त्यातल्या एकात विझवलेली सिगारेट. तीस-बत्तीस वर्षांचा गोरा, गोड बोलणारा माणूस. त्याचं गोड बोलणंच मला चिकट वाटतं.

“या ताई! बरेच दिवस झाले. काका, बसा की.”

दुकानात चार-पाच गिऱ्हाइकं होती. त्यातला एक सुट्टीवर आलेला जवान होता, त्याच्या मशीनवर ऋषिराज गेम टाकत होता. मी सरळ विषयाला हात घातला. “गुऱ्हाळ गेम माझा आहे. तुम्ही त्यावरचं नाव काढून तुमचं टाकलंत.”

“छे हो ताई. आमीच बनवलाय. माझ्या मामांचं गुऱ्हाळ हाय, त्यांनाच विचारून केलाय. आवाजबी मामांचाच.”

इतकं सहज खोटं. डोळ्याची पापणीही हलली नाही. त्याने पुरावा म्हणून त्या जवानाच्या मशीनवर गेम लावलासुद्धा, सगळ्यांना ऐकू जावा म्हणून आवाज मोठा करून. काहील उकळली. मशीनमधून खोकला आला: दोन आखूड, एक लांब.

आणि आबांना, धुपाने असेल नाही तर रागाने, नेमका तेव्हाच ठसका लागला. दोन आखूड, एक लांब.

जवान मशीनकडे पाहू लागला, मग आबांकडे. “आयला,” तो म्हणाला, “मामा तर हितंच हायती.” सगळे हसले. ऋषिराजही हसला, आणि त्याच्या त्या हसण्यात लाज नावालाही नव्हती.

“बरं बाबा, चुकलं,” तो म्हणाला. “काका, नाव टाकतो की तुमचं. खाली, बारीक अक्षरांत. दोघांचंबी. च्या घेता?”

आबा चहाकडे बघतसुद्धा नव्हते. ते पडद्यावर वाकले होते. “हाक एवढ्या लवकर कशी आली?” त्यांनी विचारलं. “मळी कवा काढली?”

“ते काढून टाकलं, काका. लोकांना कंटाळा यायचा. सारखं सारखं काय फेस काढायचा? आता कसं फास्ट झालंय.”

आबांचा चेहरा असा झाला की मला वाटलं, माझी किळस मला कुणाकडून मिळाली हे आज कळलं. “मळी न काढता गूळ?” ते हळूच म्हणाले. “आरं, काळा डांबर हुईल. गुरंबी तोंड लावायची न्हाईत. आन् त्यावर मी उतरवा म्हंतोय?”

“गेम हाय ओ काका, खरा गूळ न्हाई.”

“आवाज खरा हाय न्हवं?” आबा सरळ उभे राहिले. “नाव काढलंस ते बेस केलंस. ते परत टाकू नगंस. पर माझा खोकला काढ. असल्या गुळावर मी खोकलो न्हाई कवा.”

आता ऋषिराजचा गोडवा संपला. गिऱ्हाइकं हसत होती, ते त्याला झोंबलं असावं. तो माझ्याकडे वळला. “ताई, चोर-चोर करताय, मग एक सांगा. तुमचा गेम माझ्याकडं आला कसा? तुमीच कार्ड दिलंत. नवे गेम टाकून द्या म्हणून इथंच उभ्या होता. कंपन्यांचे विकायचे चाळीस गेम कॉपी करून घेऊन गेलात. ते काय तुमच्या आबांनी बनवले होते? तवा तुमाला किळस आली नाय ती?”

कार्ड मी दिलं होतं हे खरं होतं. त्या दिवशी काउंटरला टेकून मी त्याला म्हणाले होते, अजून थोडे बसतील का बघा. त्या चाळीसांतल्या प्रत्येक गेमच्या सुरुवातीला त्याने आपलं लाल चित्र चिकटवलं होतं, ‘ऋषिराज गेमिंग’, नंबरासकट. तेव्हापासून मी ते कितीदा तरी पाहिलं होतं. बटण दाबून पुढे गेले होते. त्या चित्राखाली कुणाचं नाव पुसलं असेल असं एकदाही मनात आलं नव्हतं. कीबोर्ड पुसणारी मी.

शेवटी तो जवान म्हणाला, “काढ रं गड्या त्यो खोकला, म्हाताऱ्या माणसाचा हाय.” ऋषिराजने आमच्यासमोर आवाजाची फाईल पुसली. उद्या परत टाकेल, मला माहीत आहे. पण पुसली.

कडेगावच्या गाडीत आबा खिडकीशी बसले. पलूस मागे पडलं. मी दांड्याला रुमाल न लावता हात ठेवून बसले होते. मग त्यांनी विचारलं, “मी ती मासळी धरतो, त्यो गेम?”

हे मी तुम्हाला अजून सांगितलं नाही. त्या चाळीसांत एक मासेमारीचा गेम आहे. तळं, होडी, गळ. आबांना तो माझ्या गुऱ्हाळापेक्षा जास्त आवडतो. मशीन आता कडेगावलाच असतं; दुपारी जेवण झालं की ते ओसरीवर बसून तासभर मासे धरतात, आणि माळकरी असल्यामुळे एकेक करून सगळे परत पाण्यात सोडतात.

“तोबी त्याच्याकडचाच, आबा.”

“केला कुणी?”

“जपानच्या लोकांनी.”

“त्येंची नावं हायती का त्यात?”

“असतील. शेवटी असतात. मी कधी बघितली नाहीत.”

घरी आल्यावर त्यांनी चहासुद्धा घेतला नाही. ओसरीवर बसले, चष्मा पुसला आणि मशीन माझ्यापुढे धरलं. “दाव.”

मी लाल चित्रावरून पुढे गेले. आत कुठेतरी नावांची जागा सापडली. काळ्या पडद्यावर पांढरी नावं खालून वर सरकू लागली. तळं काढणारे, पाणी हलवणारे, माशांचे आवाज घेणारे. अक्षरं इंग्रजी, आबांना लागत नव्हती. मी वाचायला लागले आणि जिथे जीभ वळली नाही तिथे थांबले, तर म्हणाले, “सोडू नगं. येतंय तसं वाच.” दीडएकशे नावं होती. मध्ये माझं बोट सवयीने पुढे जायच्या बटणावर गेलं. आबांनी ते धरून बाजूला केलं.

नावं संपली. पडद्यावर नुसतं तळं राहिलं.

“ह्येंचेबी आईबाप आसतील,” आबा म्हणाले. “त्येंनीबी कुनाकुनाला बोट लावून दावलं आसंल.”

मी कार्ड काढलं, लॅपटॉपला लावलं आणि एकेक करून चाळीस गेम पुसायला घेतले. मासळीच्या गेमपाशी आल्यावर मी आबांकडे पाहिलं. त्यांनी मान दुसरीकडे फिरवली होती. मी तोही पुसला.

दुसऱ्या दिवशी मी सुट्टी टाकून घरीच राहिले. दुपारी जेवण झाल्यावर ते मशीन घेऊन ओसरीवर बसले. यादीत आता एकच गेम होता. त्यांनी तो लावला, स्वतःचं नाव आलं, आणि त्यांनी ते पूर्ण दिसेपर्यंत बटण दाबलं नाही. मग मळी काढायला लागले. बराच वेळ काढत होते. मी आतून ऐकत होते, पण “आजून मळी हाय” म्हणत त्यांनी हाकेपर्यंत गेम नेलाच नाही.