शुक्राला बाहेर काढलं तेव्हा

जमीन हलली की आमच्या कैनाडच्या पाड्यात म्हातारीकोतारीसुद्धा अंगणात धावतात. एकटा माझा पोरगा शुक्रा घरात बसतो, भिंतीला पाठ लावून, डोक्यावर हात ठेवून.

गुजरातच्या बोटीवर खलाशी म्हणून गेला, बोट हद्दीपलीकडे गेली आणि हा पाकिस्तानच्या तुरुंगात पडला. तिथे असतानाच लढाई पेटली. शहरात धमाके झाले तेव्हा घाबरून जे बाहेर पळाले, त्यांना शिपायांनी बैलासारखं बडवलं. बसून राहिले ते वाचले. सुटून आला तरी त्याच्या डोक्यात तेच पक्कं बसलंय. किती सांगितलं, "अरे गधड्या, हे घर आहे, इथे बसलास तर मरशील!" पालथ्या घड्यावर पाणी. आणि मेली माझी हौस! कुडाची भिंत पाडून विटांची मीच घातली होती.

त्या दिवशी दुपारी मोठा हादरा बसला. मी अंगणात भात वाळत घालत होते. कौलं खडाखडा खाली आली. शेजारची तुळशी किंचाळली, "सुके, पोरगा आत आहे!"

मी आत धावले. चुलीमागची भिंत फुगली होती. शुक्राला ओढला, मारला, त्याच्या पाया पडले. "ऊठ रे बाळा, आई आहे मी!" तो जागचा हलेना. एवढा बाप्या माझ्याच्याने काय उचलला जातोय! विटांमधून माती गळायला लागली.

झोपेत तो तुरुंगातल्या हजेरीला ओ द्यायचा, बापाच्या नावासकट. ते मला आठवलं. मी सरळ उभी राहिले आणि जाड आवाजात गरजले, "शुक्रा वल्द चंदर! उठ! बाहर निकल!"

ताडकन उठला. हात डोक्यावर तसेच ठेवून पळत अंगणात गेला. मी त्याच्या मागे उंबरा ओलांडला आणि भिंत धाडकन खाली बसली.

"वाचवलंस गं पोराला," तुळशी रडत म्हणाली. मलाही रडू फुटलं. त्याला जवळ घ्यायला गेले तर तो मागे सरकला आणि मान खाली घालून उभा राहिला. ओठ कोरडे पडले होते. मी पाण्याचा तांब्या पुढे केला.

"पी, बाळा."

त्याने हात लावला नाही. तुळशीनं सांगून पाहिलं, मी पुन्हा सांगितलं. उन्हात पोर थरथरत होतं. काळीज फाटत होतं माझं, पण करणार काय?

डोळे पुसले आणि ओरडले, "पानी पी!"

"जी साहब," म्हणाला, आणि घटाघटा प्यायला.