ओझेलाचा चहा, गार झाल्यावर

ओझेला टार्व्हरने एकतीस वर्षं दुसऱ्याच्या घरी गार चहा केला, आणि तो गार झाल्यावर कसा लागतो हे तिला ठाऊक नव्हतं.

कढत असताना ठाऊक होता. चमच्याने जिभेच्या टोकावर घ्यायचा, साखर बघायची, कडवटपणा राहिलाय का बघायचा, हे रोजचंच. मग तो निवायचा, काचेच्या मोठ्या जगमध्ये जायचा, त्यात बर्फ पडायचा, पुदिन्याची डहाळी खोचली जायची आणि जग पुढच्या व्हरांड्यात पाहुण्यांकडे. परत यायचा तेव्हा तळाशी बर्फ विरघळलेलं कोमट, पांचट पाणी. ते ओझेलाचं. तेही ग्लासात नाही. मागच्या दाराच्या चौकटीला एक खिळा होता आणि खिळ्याला पत्र्याचा पेला. मिस मॅरियन प्रुइटने पहिल्याच दिवशी बोट दाखवून सांगितलं होतं, "हा तुझा." त्या घरात कुत्र्याची वाटी चिनी मातीची होती.

पाहुण्या बायका म्हणायच्या, "मॅरियन, प्रुइटांच्या घरच्या चहाची सर कुणाला नाही गं!" दाराआड ओझेला ते ऐकायची. प्रुइटांच्या घरात एकालाही पाणी उकळता येत नव्हतं.

ओझेला राहायची त्या काळ्या लोकांच्या वस्तीत वीज यायला १९४९ चा जुलै उजाडला. विजेचे खांब त्या रस्त्याने अकरा वर्षांपूर्वीच आले होते. प्रुइटांच्या पीचच्या बागेपर्यंत गेले, त्यांच्या कोंबड्यांच्या खुराड्यापर्यंत गेले, पण वस्तीचं वळण आलं तिथे सरळ पुढे निघून गेले. बर्फाची गाडीही तशीच. अकरा वर्षं प्रुइटांच्या कोंबड्या दिव्याच्या उजेडात दाणे टिपत होत्या आणि ओझेला कंदिलाची काच पुसत होती. कुणी मुद्दाम केलं नाही म्हणे. असल्या गोष्टी कुणीच मुद्दाम करत नाही, त्या फक्त बरोबर त्याच लोकांच्या वाट्याला येतात.

आता तार ओढली गेली होती. शुक्रवारी जोडणार होते. मेकन शहरातून आणलेला जुना फ्रिज स्वयंपाकघरात आठवडाभर मुका उभा होता. एका बाजूला पोचा आलेला, पण पांढराशुभ्र.

गुरुवारी भांडी आवरून झाल्यावर ओझेला म्हणाली, "मिस मॅरियन, मी शनिवारी येणार नाही."

"शनिवारी? अगं, शनिवारी चारला बागमंडळाच्या बायका येतायत. कोण गेलं तुझ्याकडचं?"

"कुणी नाही गेलं. वीज येतेय."

मिस मॅरियन हसली. मनापासून हसली, तेच वाईट. "विजेसाठी सुट्टी! वीज काय पळून जाणारे का? रात्री जाऊन बघ की."

"मला माझ्या घरी चहा करायचाय. माझ्या माणसांना."

तेव्हा हसू थांबलं. "ओझेला, शनिवारी येणार नसशील तर सोमवारीही यायची तसदी घेऊ नकोस."

क्लिओफस, ओझेलाचा नवरा, पीचच्या शेडमध्ये पेट्या भरायचा, तो हंगाम संपला की घरी. मग वर्षभर चूल पेटायची ती याच नोकरीवर. तिने हात पुसले, एप्रन घडी करून ठेवला. जाता जाता खिळ्यावरचा पेला काढला आणि पिशवीत टाकला. दिला होता ना? मग तिचाच तो.

शुक्रवारी रात्री तार जोडली गेली, आणि शनिवारी उजाडायच्या आत तिने पातेलं चढवलं. पाणी खळखळलं तसं खाली उतरवून आधी चिमूटभर खायचा सोडा टाकला, मग चहाची पत्ती, वर झाकण. पाव तास कुणी हात लावायचा नाही. फडक्यातून गाळला आणि कढत आहे तोवर साखर विरघळवली, कारण गार चहात साखर नुसती तळाला बसते, रुसलेल्या माणसासारखी. दुसऱ्या शेगडीवर पीच होते. क्लिओफसने शेडमधून टोपीत घालून आणलेले, डागी, मऊ पडलेले. शेडवाले असले पीच खंदकात फेकायचे आणि कुणी उचलून नेऊ नयेत म्हणून वर रॉकेल ओतायचे. रॉकेल पडायच्या आत उचललेले हे. सालं आणि बाठे साखरेत शिजले, लालसर पाक उतरला, घरभर असा वास सुटला की शेजारच्या कुंपणापाशी दोन डोकी आली.

बर्फाचे दोन ट्रे पहाटेच पाण्याने भरून वरच्या छोट्या कप्प्यात ठेवले होते. खरी गंमत तिथे होती.

"झाला का गं?" क्लिओफसने दार उघडलं. आतला दिवा लागला. त्याने दार लावलं, परत उघडलं. "झेला, दार लावल्यावर हा दिवा विझतो का चालूच राहतो?"

"तू आत बसून बघ. मी बाहेरून लावते."

"नाही, पण कळणार कसं?"

कोपऱ्यात खुर्चीवर सुडी आत्या बसली होती. क्लिओफसची आत्या, ऐंशीच्या पुढची. डोळे अधू झालेले, जीभ मात्र धारदार. "बर्फ घरात होत नसतो," ती म्हणाली. "बर्फ येतो. माझी आई सांगायची, गुलामीच्या काळात लांब उत्तरेतून गलबतात भुशात पुरून यायचा, मालकाच्या तळघरात उतरायचा. तिने पोती वाहिली त्याची. घरात बर्फ होत असता तर मालकानेच नसता केला?"

"आत्या, आता यंत्र आहे."

"यंत्र! हा नुसता गुरगुरतोय. दिवसभर गुरगुरणारं एक माझ्या वाट्यालाही होतं, चाळीस वर्षं. त्याच्याकडून काही जमलं नाही."

दहाला क्लिओफसने दार उघडलं. साडेदहाला उघडलं. अकराला शेजारच्या दोघांना आणून उघडलं, "बघा, आत दिवा आहे" म्हणून. बाराला ओझेलाने ट्रेमध्ये बोट घातलं. पाणी. गार होतं, पण पाणीच.

आत्याचंच खरं व्हायचं का? याच पाण्यासाठी सोमवार सोडला का आपण?

ती वळली. "पट्टा काढ."

"काय?"

"कमरेचा पट्टा. काढ."

फ्रिजच्या दाराची मूठ क्लिओफसच्या चर्चला जायच्या पट्ट्याने भिंतीतल्या खिळ्याला आवळली गेली, आणि त्यापुढे खुर्ची टाकून ओझेला स्वतः बसली. क्लिओफस एका हाताने पॅन्ट सावरत अंगणात गेला. "आता हा नीट वागेल," आत्या म्हणाली, "दोघंही."

तीन तास ती हलली नाही. पातेल्यातला चहा टेबलावर आपोआप निवत होता. कढत चहा बर्फाला लावला की गढूळ होतो, कायमचा. ही गोष्ट तिला कुणी शिकवली नव्हती. पहिल्या वर्षी तीन जग मोरीत ओतून, बोलणी खाऊन ती शिकली होती.

तीन वाजता घरात पंधरा माणसं झाली होती. ओझेलाने पट्टा सोडला, दार उघडलं, कप्प्यातून ट्रे ओढला. तो पत्र्याला चिकटून बसला होता. तिने जोर लावला. ट्रे सुटला आणि तिच्या हाताला असा चटका बसला की तो विस्तवाचा की कशाचा, क्षणभर कळेना. तुकडे सुटे करायची ट्रेवरची दांडी तिने वर उचलली.

करकर, करकर, असा आवाज झाला, एखादं गोठलेलं तळं मधोमध तडकावं तसा. मग बर्फाचे तुकडे बाहेर पडले. चौकोनी, दुधी, वाफाळलेले. जॉर्जियातला जुलै, बाहेर पत्र्यावर अंडं तळलं गेलं असतं, आणि टार्व्हरच्या स्वयंपाकघरात साधं पाणी दगड होऊन पडलं होतं.



ओझेलाने एक तुकडा सुडी आत्याच्या तळव्यावर ठेवला. म्हातारीचा हात दचकला, पण तिने मूठ मिटली. बोटांमधून पाणी ठिबकायला लागलं. मग तिने तो तुकडा आधी एका पापणीवर टेकवला, नंतर दुसऱ्या. गालांवरून पाणी उतरलं. त्यातलं बर्फाचं किती आणि तिचं किती, कुणी विचारलं नाही.

"इथंच झाला?" ती म्हणाली.

"इथंच, आत्या."

"कुणी आणून दिला नाही?"

"कुणी नाही."

"आईला सांगायला हवं होतं," आत्या म्हणाली आणि उरलेला तुकडा तोंडात टाकला.

ग्लास पाचच होते. मग मुरंब्याच्या बरण्या आल्या, एक फुलदाणी आली. बर्फ, वरून चहा, पीचचा पाक, पुदिन्याचं पान चुरडून. चहा बर्फावर पडला की तुकडे तडकायचे, टिचकायचे, आणि चहा मात्र नितळ. खिडकीतलं ऊन आरपार जाऊन भिंतीवर तांबूस थरथरत होतं. शेवटचा ग्लास ओझेलाचा.

तिने तो ओठाला लावला. आधी थंडी आली, दातांपर्यंत. मग चहा आला, कडवटपणाची जेमतेम सावली असलेला. मग गोडी, मग अगदी शेवटी, सगळं संपलं असं वाटल्यावर, पीच. पुदिना वाऱ्यासारखा मागून निघून गेला. ती तशीच उभी राहिली. हे आपल्या हातचं? एकतीस वर्षं हे आपल्या हातातून जात होतं? लोक डोळे मिटायचे ते यासाठी? तिला राग यायला हवा होता, आणि तो येणारच होता, पुढे पुष्कळ दिवस पुरेल इतका. पण त्या घटकेला ती नुसती थक्क होती. एखाद्या बाईला इतक्या वर्षांनी कुणी तिचंच गाणं ऐकवावं, तशी.

तेवढ्यात अंगणात गाडी थांबली. धुरळा खाली बसला तशी मिस मॅरियन पायरीपाशी दिसली. टोपी वाकडी, चेहरा लालबुंद, गळ्यावर घाम.

"ओझेला! बायका तासाभरात येतायत आणि माझा चहा चिखल झालाय. दोनदा केला. दोन्ही वेळा चिखल!" मग दारातल्या क्लिओफसला, "ए पोरा, जरा बाजूला हो." पोर एकोणसाठ वर्षांचं होतं. ते पॅन्ट सावरत बाजूला झालं.

कुणी उठलं नाही. सगळ्यांचे हात ग्लासांनी, बरण्यांनी भरलेले. ओझेलाने फळीकडे पाहिलं. दारात तापून आलेल्या माणसाला कोरडं परत पाठवायची रीत तिच्या घरात नव्हती, आणि फळीवर एकच भांडं उरलं होतं.

पत्र्याचा पेला.

तिने तो भरला. सगळ्यांना दिलं तेच. बर्फ, पाक, पुदिना, हात आखडता न घेता. मिस मॅरियनने पेला घेतला आणि एका दमात अर्धा संपवला. खुर्चीतून सुडी आत्याचे अधू डोळे त्या पेल्यावर खिळले होते. क्लिओफसच्या घशातून चमत्कारिक आवाज निघाला, तो त्याने खोकल्यात दडवला.

"देवा!" मिस मॅरियन म्हणाली. पेला कपाळाला लावला, गालाला लावला. "किती गार राहतो गं यात! छान आहे पेला. कुठून आणलास?"

"तुमच्याकडूनच, मिस मॅरियन."

"काहीतरीच!" ती हसली आणि उरलेला चहा प्यायली. एकतीस वर्षं तिच्याच चौकटीला टांगलेली वस्तू तिला ओळखता आली नाही. ओझेला बघत राहिली. हे तर बर्फाहून मोठं नवल होतं.

"चल आता, गाडीत बस. गुरुवारी रागाच्या भरात काही बोलले असेन, ते सोड."

"चिखल का होतो ते सांगू?"

"सांग ना."

"उकळलेलं पाणी उतरवलं की पत्तीच्या आधी चिमूटभर खायचा सोडा. आणि पूर्ण निवेपर्यंत बर्फाला लावायचा नाही. साखर कढत असतानाच."

मिस मॅरियनने विचारलं, "एवढंच?"

"एवढंच."

"मग आजवर सांगितलं का नाहीस?"

"तुम्ही विचारलं नाही. आणि सांगितलं असतं तर माझी गरज काय उरली असती?"

मिस मॅरियनने वाकडी टोपी सरळ केली. "म्हणजे सोमवारी..."

"आता तुम्हाला येतो की चहा," ओझेला म्हणाली आणि रिकामा पेला तिच्या हातातून घेतला.

गाडी गेली. धुरळा खाली बसायच्या आत भीती आली. हंगाम अजून तीन आठवडे. मग काय? ओझेलाला माहीत नव्हतं. ती पेला विसळायला गेली, तर तळाशी एक बर्फाचा तुकडा उरला होता, कडा झिजून गोल झालेला. तो तिने तोंडात टाकला आणि कडाकडा चावला.

"झेला," क्लिओफस म्हणाला, "दुसरा ट्रे आहे ना आत? पट्टा बांधू का?"

"कशाला बांधतोस?" खुर्चीतून सुडी आत्या ओरडली. ती उठली होती, भिंत चाचपत निघाली होती. "उघड ते दार. मला बघू दे कसा होतो."

"आत्या, उघडलं की होत नाही."

"न होऊ दे," म्हातारी म्हणाली. "उघड."

ओझेलाने दार उघडलं. आतला दिवा लागला. सगळी वस्ती त्या उजेडात, त्या गार वाफेत वाकून बघू लागली.