करवंदांच्या सारणाला मूर्तीची खळ

हमरापूरच्या सरूजवळ धीर बेताचा, हौस दुप्पट. डोलवीच्या कॉलनीतल्या एका बाईंकडे ती ‘पाय’ करायला शिकली. मैद्याच्या पारीत फळांचं शिजवलेलं सारण भरायचं आणि भट्टीत भाजायचं. आंब्याचं सारण कॉर्नफ्लॉवरनं मस्त आळलं, नि सरू स्वतःला जाणकार समजू लागली. मग रोह्याहून भावानं करवंदं धाडली आणि त्याच बाईंच्या मुलाच्या वाढदिवसासाठी पायची ऑर्डर आली.

करवंदं आंबट, आणि आंबटात कॉर्नफ्लॉवरची पकड सुटते, हे सरूला ठाऊक नव्हतं. सारण आळेना म्हणून सरू उकळत राहिली, आणि जितकं उकळलं तितकं ते पातळ होत गेलं. अशा वेळी माणूस चूल बंद करत नाही, दुसरा डबा शोधतो. पडवीत गणपतीच्या कागदी मूर्तींचं काम चालायचं. तिथं खळीसाठी चिंचोक्याचं पीठ होतं. कागदाला धरतं ते करवंदांना का नाय धरणार? धरलं की. चकचकीत, जाड सारण झालं. नवरा मोरू गाडीवरून पाय पोचवायला गेला.

सासू गोदूबाई पडवीत सांडलेलं पीठ बघून विचारायला आली. सरूनं कौतुकानं सांगितलं. गोदूबाईचा चेहरा उतरला. खळीला कसर लागू नये म्हणून ती हंगामाआधीच एका डब्यातल्या पिठात विषारी मोरचूद कुटून मिसळते. दुसऱ्या डब्यात साधं पीठ. खूण झाकणांवर होती, आणि झाकणं मोरूनं परवाच रंग कालवायला नेली होती.

“यातला कुठला घेतलास गो?”

सरूला सांगता येईना. मोरूचा फोन वाजत राहिला, तो उचलेना.

गोदूबाईनं लोखंडी सुई आणून कढईतल्या खरवडीत रोवली. मोरचूद असला तर सुईवर तांबूस थर चढतो. “जरा थांब. कळंल.”

सरूनं मनात हिशेब मांडलाच. सुई लख्ख निघाली तर कुणाला काही कळायचं नाही, कॉलनीतली गिऱ्हाइकं शाबूत. लाल निघाली तर तोवर पोरं खाऊन बसलेली. पुढचा आकडा तिच्यानं मांडवला नाही. तिनं बाईंना फोन लावला. मागं पोरांचा गलका होता.

“ताई, पाय कुणाला देऊ नका. त्यात मूर्तीच्या खळीचं पीठ गेलंय. विषारी असंल.”

बशी आपटल्याचा आवाज आला, एक पोर रडू लागलं, आणि फोन बंद झाला. पोर खाऊन रडत होतं की न खाता, ते सरूला कळलं नाही. तिनं पुन्हा फोन लावला. कुणी उचलला नाही.

सुई लख्ख निघाली. सरूनं दुसरी रोवायला लावली. तीही लख्ख.

मोरू परतला तेव्हा ती उंबऱ्यावर बसली होती. त्यानं सांगितलं, पाय कचऱ्यात गेला होता, एकाही पोरानं तो तोंडाला लावला नव्हता. बाईंनी निरोप दिला होता, यापुढं केक पेणहून मागवू.

गोदूबाईनं कढईला बोट फिरवून चाटलं.

“आंबट हाय,” ती म्हणाली, “पण आळलंय झकास.”

सुया लख्ख निघाल्या होत्या, तरी दिवेलागणीपर्यंत सरूनं तिच्या ओठांवरची नजर काढली नाही.