बावीस डबे

हेस्टरबाई ब्रॅमली फिल्मचा एकही तुकडा फेकत नसत. सोहोमधल्या त्या बिनखिडकीच्या संकलनखोलीत मी त्यांची सहायक म्हणून रुजू झाले, तेव्हा पहिल्याच दिवशी त्यांनी बजावलं होतं की कापलेलं म्हणजे मेलेलं नव्हे. पांढरे सुती हातमोजे घालून त्या प्रत्येक तुकडा गुंडाळत, त्याला रबर लावत, आणि दृश्याचा क्रमांक लिहिलेली चिठ्ठी त्यात खोचत. दिग्दर्शक लायोनेल ट्रेव्हिस त्यांना ‘आमची शिंपीण’ म्हणे. सगळे हसत. बाईही हसत, मान वर न करता.

ग्रिम्सबीच्या एका कोळिणीवरचा तो चित्रपट त्याच खोलीत घडला. तिचा नवरा समुद्रावरून परतत नाही. ती सवयीने टेबलावर दोन कप मांडते, थबकते, आणि त्यातला एक उचलून फळीवर उपडा ठेवते. ट्रेव्हिसने त्यापुढे पाद्र्याचं चार मिनिटांचं प्रवचन चित्रित केलं होतं. बाईंनी ते तीन दिवस पुढेमागे फिरवून पाहिलं. मग मेणाच्या पेन्सिलीने फिल्मवर, कपाच्या चौकटीवर, कापायची एक पांढरी रेघ ओढली आणि चित्रपट तिथेच, काळ्या पडद्यावर संपवला. ट्रेव्हिस आठवडाभर बोलला नाही. पुढे त्या उपड्या कपावर लोकांनी लेख लिहिले, आणि तो मुलाखतींतून सांगू लागला की हा शेवट त्याला ग्रिम्सबीच्या धक्क्यावर उभं असताना सुचला. बाईंनी कधी खंडन केलं नाही. नंतरच्या वर्षांत त्यांना मिळाले ते साबणाच्या जाहिराती आणि इतरांनी नाकारलेले विनोदी चित्रपट. स्वतःचा म्हणावा असा तो एक काळोख होता, कपानंतरचा.

अडतीस वर्षांनी एका चित्रपट संग्रहालयाचं पत्र आलं. चित्रपटाची नवी प्रत करायची होती. जुनं काही उरलं आहे का, अशी विचारणा होती. क्रॉयडनच्या घरी जिन्याखाली बाईंनी जपलेल्या तुकड्यांचे बावीस डबे होते, पुसून लख्ख ठेवलेले. मी म्हटलं, देऊ नका.

“वेडी आहेस, एडना. काय वगळलं ते एकदा लोकांना दिसलं, की कुणी वगळलं तेही दिसेल.”

नव्या प्रतीच्या, रविवारच्या दुपारच्या खेळाला त्या नवा निळा कोट घालून आल्या. पुढच्या रांगेत ट्रेव्हिस चाकांच्या खुर्चीत होता, आता सर लायोनेल. शेवटचं दृश्य आलं, तशी बाईंनी माझं मनगट धरलं. कप फळीवर उपडा झाला. मी श्वास रोखून काळोखाची वाट पाहिली. तो आला नाही. पडद्यावर पाद्र्याने ओठ उघडले, आणि चार मिनिटं समुद्र, श्रद्धा आणि ईश्वराची योजना यांखेरीज काहीही उरलं नाही. मनगटावरची बोटं हळूहळू सुटली.

सभागृह उठून टाळ्या वाजवत होतं. पडद्यावरच्या नामावलीत संकलनापुढे कुणा नव्याचं नाव होतं. बाईंचं नाव आभारांत, साहित्य जपल्याबद्दल.

संग्रहालयाची तरुण अधिकारी धावत आली आणि बाईंचा हात हातात घेऊन म्हणाली, “एकही चौकट हरवली नव्हती हो. तुम्ही इतकं जपलं नसतं, तर सरांचा खरा शेवट आम्हाला कधीच जोडता आला नसता.”

सर लायोनेलनेही खुर्ची जवळ आणवली.

“काय शिंपीणबाई, शेवटी उसवलंस ना?”

बाईंनी मान डोलावली. जणू कुणी हवेबद्दल बोललं होतं.

परतीच्या बसमध्ये त्या बराच वेळ पावसाने भिजलेल्या काचेकडे बघत होत्या. स्ट्रेटहॅमच्या आसपास कधीतरी बोलल्या.

“प्रवचनाचे नऊ तुकडे होते. प्रत्येकाच्या चिठ्ठीवर मी लिहून ठेवलं होतं, कुठला कशानंतर येतो ते.”

मी तिकिटांची घडी घातली.

“माझं अक्षर चांगलं होतं,” त्या म्हणाल्या, आणि कोटाची बटणं पार गळ्यापर्यंत लावून घेतली.