कोपरा फाटलेलं पाकीट

तलाठ्यानं तवाच दाखला देऊन टाकला असता, तर हे लचांड मागं लागलंच नसतं. पण तो म्हणे, मनकर्णाबाई, तुमचा माणूस पलटणीत हाय, नोकरदाराच्या उत्पन्नाचा दाखला मी देऊ शकत नाही. त्याच्या पगाराचा कागद त्याच्या साहेबाकडून आणा. आता पाहा. आमच्याच वस्तीतल्या सुभद्राचा नवरा रोजमजुरीले जाते, तर तिच्या पोट्टीले एका दिवसात दाखला. माह्या पोट्टीचा बाप पलटणीत नाईक, बर्फात बंदूक घेऊन उभा, तर त्याची कमाई किती ते सांगाले आख्ख्या जिल्ह्यात कोणी नाही. मी तलाठ्याले चार शब्द बोलून आली. काही फायदा झाला नाही, पण बोलून आली.

वच्छला माही एकुलती एक पोट्टी. अमरावतीले बोर्डिंगात राहून मॅट्रिकच्या वर्गात शिकत होती. दर्यापूरजवळच्या आमच्या गावात, आमच्या वस्तीतून इतकी शिकलेली ती पहिलीच. शाळेच्या मोठ्या बाईनं मले समोर बसवून सांगतलं होतं, की तीस नोव्हेंबरच्या आत वडलांच्या वर्षाच्या पगाराचा कागद आला तर फी माफ होईल अन् परीक्षेचा फॉर्म जाईल. नाही आला तर वर्षाची फी एकदम भरा, नाही तर पोरीले घरी घेऊन जा. माह्या हातातले चांदीचे गोठ जूनमध्येच बोर्डिंगात गेले होते. एकदम भराले आता हातात हातच उरले होते.

वच्छलाच्या बाबानं, जानरावनं, दसऱ्याले पत्रात सगळं लिहून पाठवलं. कागद असा मागितला की भेटत नाही म्हणे. आपण अर्ज द्यायचा, त्यावर कंपनीच्या साहेबाची सही पाहिजे. मंग तो अर्ज लांब पगाराच्या ऑफिसात जाते. तिथं वर्षभराचा पगार, कपात, सगळं एका कागदावर उतरवतात, शिक्का मारतात अन् रजिस्टरनं घरी पाठवतात. साहेब सुटीवर हाय, आला की अर्ज देतो, वच्छलाले म्हणा काळजी करू नको, असं खाली लिहिलं होतं. ते शेवटचं पत्र. वीस ऑक्टोबरले चीनची लढाई लागली. दिवाळी कोरडी गेली. पत्र नाही, मनिऑर्डर नाही.

दिवाळी झाली अन् दोन घरं पलीकडे पंचफुलाच्या घरी कार्ड आलं. पलटणीतला तिचा नवरा देवराव गेला. त्याच्या सोबत्यानं लिहिलेलं कार्ड, अन् त्याचा एक कोपरा फाडलेला. आमच्याकडे मौतीची खबर असली की कार्डाचा कोपरा फाडून धाडतात. वाचता न येणाऱ्यालेही हातात घेतल्याबरोबर समजते. असं कार्ड कोणी उंबऱ्याच्या आत घेत नाही. बाहेर लिंबाखाली वाचलं, तिथंच फाडलं, अन् सगळ्यायनं आंघोळी केल्या. दीक्षा घेऊन सहा वर्षं झाली होती आमाले, घरातले देव नदीत सोडले होते, पण फाटक्या कोपऱ्याचं भेव काही सोडता आलं नव्हतं.

त्या दिवसापासून माही सासू, केशरबाई, दारात बसून राहाले लागली. मी कापूस वेचाले जाओ की बाजारात, बुढी उंबऱ्यावर. मले वाटलं, पोराची वाट पाहून राहिली. मनातून कीवच आली तिची.

पंचवीस नोव्हेंबरले दर्यापूरच्या बाजारात पोस्टमन महादेवराव भेटला. सायकल हातात धरून मान खाली घालून उभा राहिला. म्हणे, वहिनी, तुमी रागावू नका, पण मागच्या सोमवारी तुमच्याकडे पलटणीचं रजिस्टर पाकीट आलं होतं. थैलीत घासून त्याचा कोपरा फाटला होता. आजीनं ते पाह्यलं अन् हात मागं घेतले. हे आमचं नाही, वापस ने, म्हणे. मी लय समजावलं, पण आजीनं पायावर डोकं ठेवलं. मंग काय करता, 'घेण्यास नकार' लिहून वापस लावलं.

मी भाजीची थैली तिथंच टाकली अन् चार मैल पळत घरी आली. बुढी उंबऱ्यावरच होती. मी काय काय बोलली ते सांगत नाही, आता लाज वाटते. तिनं सगळं ऐकून घेतलं. मंग इतकंच म्हणाली, "म्या घेतलं असतं, तर तो मेला असता ना वं."

आता या बुढीले काय म्हणावं? हसावं की कपाळ बडवावं? मी म्हटलं, अवं माय, त्यात तुह्या नातीची फी होती. तिले समजलं तवा ती भिंतीले टेकून बसली अन् तिनं दोन दिवस भाकरीले हात लावला नाही. मीही म्हटलं नाही की खाय म्हणून. इतकी मी खवळली होती.

दुसऱ्या दिवशी तांबडं फुटायच्या आत निघाली. दर्यापूरच्या डाकघरात म्हणे, थैली अकोल्याले गेली. मोटर पकडून अकोल्याले गेली. तिथं डाकेच्या खिडकीवर दोन घंटे उभी राहिली, अन् बाबू म्हणे, बाई, ते बुधवारीच पुढं गेलं, रेल्वेच्या मागं धावता का आता? मी म्हटलं, धावली असती, तुमी गाडी कोणती ते तर सांगा. तो हसला नाही. त्यानं मले पाणी देलं. त्या पाण्यानंच मले रडू आलं, इतका वेळ आलं नव्हतं.

तिथून अमरावतीले. शिपायांच्या घरच्या लोकायसाठी जे ऑफिस हाय, तिथं चंद्रभान नावाचा रिटायर हवालदार बसत होता. भला माणूस. सगळं ऐकून त्यानं चष्मा काढला. म्हणे, वापस गेलेलं पाकीट पगाराच्या ऑफिसातून पुन्हा पाठवता येते, मी आजच लिहितो, पण त्याले दोन-तीन महिने लागतात. तीस तारखेले ते काही येत नाही. मंग त्यानं टेबलाच्या खणातून एक छापील फॉर्म काढला. ज्याचा पत्ता लागत नाही, त्या शिपायाच्या घरच्यांनी हा भरायचा. माणूस बेपत्ता हाय असं लिहून द्यायचं. याची पावती दाखवली की शाळा पगाराचा कागद मागत नाही. किती जणींनी भरला म्हणे.

"माहा माणूस बेपत्ता नाही," मी म्हटलं. "पाकीट आलं ना त्याचं? अर्ज देल्याशिवाय कागद निंघत नाही, हे त्यानंच लिहिलं होतं. मंग त्यानं अर्ज देला. जित्ता माणूसच अर्ज देते."

तो म्हणे, वहिनी, अर्ज कवा देला ते पाकीट पाहून समजत नाही. हे कागद महिना-महिना वाटेत पडून राहतात. मी ऐकलं नाही. मले तर वाटून राहिलं होतं, की साहेब सुटीवरून उशिरा आला असेल, मधात लढाई थंडावली तवा यानं अर्ज देला असेल, म्हणून कागद इतक्या उशिरा निंघाला. माह्या डोक्यात हे इतकं पक्कं बसलं, की जसं त्यानं मले स्वतः सांगतलं. तरी फॉर्म घेऊन आली. वच्छलालेही बोर्डिंगातून संगं आणलं.

घरी आल्यावर तो फॉर्म मी पाटावर ठेवला. एक सही बायकोची, एक अंगठा मायचा. बुढीनं विचारलं, काय लिहिलं हाय? मी वाचून दाखवलं. तिनं पाटाजवळ सरकून अंगठा पुढं केला. म्हणे, लाव शाई. पोट्टीचं वर्ष म्या खाल्लं, म्या भरून देतो. जी बुढी पोरगा जित्ता राहावा म्हणून पोस्टमनच्या पाया पडली, ती आता त्याले बेपत्ता लिहाले अंगठा देऊन राहिली होती. मले ते पाहवलं नाही.

मी फॉर्म उचलून घेतला. तवा वच्छला बोलली.

"आई, सही करून दे ना. बाबा आले की आपण फाडून टाकू."

मी तिच्या थोबाडीत मारली. जन्मात पहिल्यांदा. माहाच हात झोंबत राहिला, ती मात्र रडली नाही. ती इतकंच म्हणाली की पावती दाखवली तर तीस तारखेच्या आत परीक्षेचा फॉर्म जाते. मले समजत होतं. सगळं समजत होतं. फॉर्म भरणं म्हणजे त्याले मारणं नाही, हेही समजत होतं. सहा वर्षांपूर्वी रात्रीच्या वर्गात मी वाचाले अन् सही कराले शिकली, ते त्याच्याच हट्टानं. त्याच सहीनं तो नाही असं कसं लिहू? तीन दिवस तो कागद उतरंडीखाली राह्यला. मी रोज काढत होती, टाक शाईत बुडवत होती अन् वापस ठेवत होती. तीस तारीख आली. मी कापूस वेचाले गेली. वच्छला माह्या मागून कापसाची ओटी बांधून आली अन् पऱ्हाटीच्या दुसऱ्या तासाले, बाजूच्या ओळीले, लागली.

डिसेंबर गेला. जानेवारी गेला. बोर्डिंगातून वच्छलाची पेटी आली. पंचफुला येऊन बसत होती कधी कधी, पण पलटणीची गोष्ट कोणी काढत नव्हतं. मी मनातल्या मनात हिशेब करत होती, की पाकीट नोव्हेंबरात आलं, म्हणजे तो नोव्हेंबरात होता. त्या एका पाकिटावर मी दिवस काढले, खोटं कशाले बोलू?

फेब्रुवारीच्या शेवटी महादेवराव आला. सायकल लांबच ठेवून त्यानं पाकीट दोन्ही हातांनी वर धरून दाखवलं, चारही कोपरे शाबूत. बुढी उठली, माह्या आधी गेली अन् तिनं पुढं होऊन अंगठा देला. मी पाकीट फोडलं. आत तोच कागद. जानरावचं नाव, वर्षभराचा पगार, कपात, गोल शिक्का. माफीले लागते त्यापेक्षा पगार कमीच होता. फी माफ झाली असती. अन् त्या कागदाले टाचणीनं लावलेला त्याचा अर्ज, त्याच्या हातचा. खाली सही, अन् सहीखाली तारीख. अकरा ऑक्टोबर.

लढाई लागायच्या नऊ दिवस आधीची.

साहेब सुटीवरून लगेचच आला असेल. यानं लगेच अर्ज देला असेल, पोट्टीची घाई होती म्हणून. मी ते अक्षर पाहत राहिली. ज्याच्या भरवशावर मी पोट्टीचं साल जाऊ देलं, ते हे होतं.

बुढीच्या लेखी जुनं पाकीट गेलं ते गेलं, हे नवंच आलेलं; ती माह्या तोंडाकडे पाहून राहिली होती. "काय हाय वं? त्याची सही हाय?"

"हाय," मी म्हटलं.

"कवाची?"

वच्छला माह्या खांद्यामागं उभी होती. तिले वाचता येत होतं, माह्यापेक्षा चांगलं. तिचा श्वास माह्या मानेवर लागत होता.

"डिसेंबरची," मी म्हटलं.

बुढीनं वच्छलाकडे पाह्यलं. माह्यावर तिचा भरवसा नव्हता, शिकलेल्या नातीवर होता. वच्छलानं माह्या हातातून कागद घेतला, नीट पाह्यला अन् त्याची घडी घातली.

"हो आजी," ती म्हणाली. "पंधरा डिसेंबर."